पाचशे वॉटचा कौल

देवीच्या दगडी अंगावर ओल्या पाकळ्या दहा: उजवीकडे पाच, डावीकडे पाच. समोर बायका सात, समया दोन आणि पाचशे वॉटचा दिवा एक. तो माझ्या हातात.

दिवा मधुकर शेवड्यांचा. १९५८ साली गावोगावच्या श्रद्धांवर माहितीपट करत ते पुण्याहून बंगळूरला आले, आणि चामराजपेटच्या आमच्या देवळात शिरताना त्यांच्या कॅमेऱ्याचा तिपाया माझ्या छत्रीत अडकला. सोडवता सोडवता त्यांना कळलं, की मी फिजिक्सची पदवीधर आहे. लगेच दिवा माझ्या हाती आला. तीन शुक्रवार गेले, पण पाकळी पडतानाचं चित्र काही मिळेना. ऐन वेळी कॅमेरा भलतीकडेच वळलेला.

"लक्ष कुठे असतं तुमचं?"

"दिव्याकडे."

"दिवा तर मी धरलेला असतो."

"हो ना..."

आजचा कौल माझाच होता. धारवाडच्या विश्वेश्वर वकिलांचं स्थळ आलेलं. उजवी पाकळी आधी पडली तर लग्न, डावी पडली तर नकार. कौल लावणार माझी आत्या, पद्मावतीअक्का. तिचा शब्द घरात शेवटचा.

डावी पडली.

मधुकररावांचा चेहरा उजळला. माझाही उजळला असावा. मग मी ती पाकळी उचलून पाहिली. कोरडी ठाक! उजवीकडच्या पाकळ्यांवरून मात्र अजून पाणी ओघळत होतं.

"अक्का, हा कौल धरू नकोस. दिवा डावीकडे होता. उष्णतेनं पाणी वाळलं."

"अहो, काय करताय!" मधुकरराव माझ्या कानाशी पुटपुटले. "नकार मिळाला होता की!"

"चुकीचा होता."

"मला चालला असता..."

हे ते अगदी हळू म्हणाले. पण आमच्या गाभाऱ्याला घुमट आहे. सातही बायकांनी ऐकलं.

"काय रे अण्णा," अक्का वळली, "तुला काय चालतं?"

"मी... म्हणजे, मलाही कौल लावायचा होता. हिच्याबद्दल."

"सरी, ठीक आहे. पण एका घराला दिवसाचा प्रश्न एकच. पहिला बाद धरला. अहल्ये, आता कुणाचं विचारू? वकिलाचं, की ह्याचं?"

बायका पदराआड हसत होत्या.

"ह्यांचं," मी म्हटलं. "पण दिव्याशिवाय."

"दिव्याशिवाय?" मधुकरराव कळवळले. "अहो, शेवटचा रोल आहे! चित्र कसं मिळणार?"

"स्वल्प विचार करा."

त्यांनी केला. माझ्याकडे पाहिलं — आणि स्वतःच बटण बंद केलं.

अक्कानं दहा नव्या पाकळ्या भिजवून चिकटवल्या. वारा नको म्हणून मी दारं लावली. डाव्या मनगटावर घड्याळ होतं. उजवा हात दिवा गेल्यानं रिकामा झाला होता. तोही फार वेळ रिकामा राहिला नाही.

पहिली पाकळी उजवीकडची. वेळ, अकरा मिनिटं चाळीस सेकंद.