वादीतल्या गुहेतलं गाऱ्हाणं

लॉरा, तो मोबाईल ठेव खाली आणि ऐक. मी, तुझा स्टॅन्ली अंकल, भुताबितांवर विश्वास ठेवणारा नाही. पण रमण परब इथलाच, आखातातल्या आपल्या सीब शहरातला, एसी मेकॅनिक, दारूच्या थेंबाला न शिवणारा माणूस. तो खोटं कशाला सांगेल?

दोन हजार चोवीसची चोवीस डिसेंबर, मंगळवार. खाबुरा गावाच्या आत डोंगरात एका अर्बाबाच्या, म्हणजे अरब मालकाच्या, मळ्यावर एसी बंद पडला होता. रमण धाकट्या भावाला, सागरला, घेऊन निघाला. पोराला गावाहून येऊन जेमतेम तीन महिने झालेले. आईला रमणने शब्द दिला होता, “माझ्याकडे पाठव, मी सांभाळतो.”

काम खलास करून परतताना पाऊस लागला. कोरडी वादी, म्हणजे डोंगरातला सुका ओढा, हां हां म्हणता नदी झाली. रात्री साडेआठला दोघं गाडी सोडून डोंगर चढले आणि दगडाला हात घालताच सागरला विंचू चावला. मोबाईलला रेंज नाही. रमणने त्याला कसाबसा एका गुहेत ओढला.

मोबाईलच्या उजेडात दिसलं, आत दोन्ही बाजूंना दगडी कट्टे. समोरच्या भिंतीवर कोरलेला टोपीवाला माणूस, बैलाच्या मानेत सुरा खुपसणारा. बैलाच्या पोटाखाली विंचू. पुढे म्युझियममधल्या एका गोऱ्याने फोटो बघून सांगितलं, हा रोमन शिपायांचा जुना देव. असाच गुहेत पुजायचे, फक्त पुरुष, शपथ घेऊन. इथे कसा आला ते त्यालाही ठाऊक नाही.

रमणला त्यातलं काय कळणार? कोकणी माणूस. देव दिसला, विंचू दिसला, हात जोडले. सागरच्या तोंडाला फेस आलेला. रमणने गाऱ्हाणं घातलं, गावच्या देवळात घालतात अगदी तसं.

“बा देवा म्हाराजा, तू कोण तां माका म्हायत नाय. पण आमी दोगव तुझ्या पदरात. माझ्या भावाक वाचव रे म्हाराजा...”

गाऱ्हाण्याला जमलेली माणसं काय म्हणतात, माहीत आहे ना? ‘व्हय म्हाराजा.’

पण तिथे जमलं होतं कोण?

“व्हय म्हाराजा.”

दोन्ही कट्ट्यांवरून. वीस-पंचवीस पुरुष... एका सुरात.

सागर उठला. फेस नाही. कळ नाही. रमणने दंड धरला. “सागर, हय बस.”

सागरने हात सोडवला. गुहेच्या आतल्या अंधारात चालू लागला.

रमण होता तिथेच. बिचारा नुसता बघत राहिला.

मग... काहीच नाही.

सकाळी पाणी ओसरल्यावर रमणने रस्त्यावर जाऊन पोलीस आणले. गुहा दहा पावलांची, मागे वाट नाही. सागर आजवर सापडलेला नाही. आईला काय सांगायचं, म्हणून रमण तिचा फोनच उचलत नाही.

कट्ट्यांवर बोटभर धूळ होती. फक्त एका माणसाच्या बसण्याइतकी जागा पुसलेली. आणि तिला लागून दुसरी, तेवढीच, झाडून ठेवलेली... गाऱ्हाण्यात रमण ‘आमी दोगव’ म्हणाला होता ना?