पालथ्या बरणीतला वायू

कासवकेंद्राच्या ओट्यावर दोन-दोन लिटरच्या बरण्या तीन, झाकणं तीन, रबरी नळी एक आणि बंद पडलेला यंत्रमानव एक. यंत्रमानवाचं नाव टिंबू. पहाटे कासवाने अंडी कुठे पुरली, ते फक्त त्याने पाहिलं होतं. भरतीला दोन तास उरले होते. तोवर अंडी वर हलवली नाहीत तर बुडणार. आणि टिंबूचं इंधन, म्हणजे हायड्रोजन, संपलं होतं.

शाल्मलीने सौरयंत्राची (उन्हाच्या विजेने पाण्यातून हायड्रोजन काढणाऱ्या यंत्राची) नळी एकेका बरणीत सोडली, झाकणं लावली आणि बरण्या टिंबूला जोडल्या. तो हललाच नाही.

"आत्या, वायू गेला कुठे?"

सुलक्षणाआत्या रसायनतज्ज्ञ होती. "बरणी पालथी घाल म्हणून सांगितलं होतं ना?"

"मला वाटलं, चेष्टा करतेस. शाळेत बाई मलाच पालथा घडा म्हणतात."

आत्या हसली. "पाण्याला पालथा घडा चालत नाही, याला तोच लागतो. हायड्रोजनचा अणू सगळ्यांत साधा: मधे एक प्रोटॉन (धनभारित कण), भोवती एक इलेक्ट्रॉन (ऋणभारित कण). दोन अणूंची जोडी मिळून हा वायू. हवेपेक्षा चौदा पट हलका. उघड्या तोंडातून तो वर निघून गेला, आणि रंग नाही, वास नाही, म्हणून तुला कळलंही नाही. आता बरण्या पाण्याने काठोकाठ भर आणि टबातल्या पाण्यात पालथ्या घाल. आणि आगकाडी लांब ठेव, हा झटकन पेटतो."

शाल्मलीने नळी पालथ्या बरणीखाली धरली. बुडबुडे वर चढले, पाणी खाली उतरलं. पन्नास मिनिटांत तिन्ही बरण्या भरल्या.

"आता दिसतंय, किती जमला ते," ती म्हणाली.

पाण्यातच झाकणं लावून बरण्या जोडताच टिंबूच्या इंधनघटात (हायड्रोजन आणि हवेतला ऑक्सिजन यांचा संयोग करून वीज देणाऱ्या उपकरणात) वीज तयार झाली. त्याचे डोळे उजळले. "उत्तरेला एकतीस पावलं," तो म्हणाला.

लाट सहा हातांवर असताना शेवटचं अंडं टोपलीत आलं.

परतल्यावर टिंबूच्या पोटाखालच्या पेल्यात पाणी दिसलं.

"हे गळलं?"

"नाही गं, जन्मलं. हायड्रोजनला जुनं नाव उद्‌जन. उद म्हणजे पाणी, जन म्हणजे जन्म देणारा. उद्या गाड्याही यावर धावतील, आणि मागे धुराऐवजी हेच सोडतील. मोज पाहू."

शाल्मलीने मोजपात्र डोळ्यांसमोर धरलं आणि वहीत लिहिलं: अंडी एकशे बारा. पाणी चार मिलिलिटर.