बिनचिठ्ठीची कुपी

संक्रांतीच्या हळदीकुंकवाला अत्तर हवंच आणि घरातलं संपलंय, अशी लतिकाने स्वतःची समजूत घातली. खरं कारण वेगळं होतं. तिला श्रीरंगच्या कपाटातली ती बिनचिठ्ठीची कुपी उघडायची होती.

गुडगावात तेव्हा नव्या इमारती भराभर उभ्या राहत होत्या आणि त्यांतल्या माणसांना रोज नवं खूळ लागत होतं. लतिकाचा नवरा श्रीरंग करोल बागेत गाडीचा आरसा घ्यायला गेला आणि गंधस्मरणाचा वर्ग लावून आला. विद्या ऐकायला साधी होती. एखादी आठवण मनात घोळवत ठरावीक वास हुंगायचा आणि कुपीला बूच मारायचं. आठवण डोक्यातून जाते, कुपीत राहते. पुढे बूच काढून जो हुंगेल त्याला ती आठवते, अगदी स्वतःची असल्यासारखी. श्रीरंगच्या सगळ्या कुप्यांना चिठ्ठ्या होत्या. एकीला मात्र नव्हती.

"ही तेवढी उघडू नकोस हं," दिवाळीत त्याने बजावलं होतं.

"का? काय आहे तिच्यात?"

"तेच तर आठवत नाही, यार. उघडायची नाही, एवढंच आठवतंय."

हे उत्तर कुठल्या बायकोला पटेल? त्यातून हल्ली मानेसरहून येणारी कंपनीची बस त्याची वरचेवर चुकत होती. लतिकाच्या मनात दुसरी बाई शिरली आणि काही केल्या बाहेर पडेना. तिने कुपी केव्हाच हुंगली असती, पण दिल्लीच्या थंडीने नाक असं चोंदलं होतं की हिंगाची फोडणीसुद्धा कळत नव्हती. आपलं नाक नाही तर बायकांची नाकं आहेत, असा तिने विचार केला. आठवणीत कुठली बाई आहे ते त्यांच्या तोंडून कळेल.

सकाळी तिळाच्या वड्या करताना पाक सांडून तिचं बोट भाजलं. त्याला पट्टी गुंडाळून, नवी काळी साडी नेसून ती तयार झाली. दुपारी बायका आल्या. हळदकुंकू झालं आणि लतिकाने एकेकीच्या हातावर त्या कुपीतलं अत्तर लावलं.

रिवाजाप्रमाणे बायकांनी हात नाकाशी नेले. ते तिथेच राहिले.

"कसला वास आहे?" लतिकाने शक्य तितक्या सहज विचारलं.

"ओल्या सिमेंटचा..." शेजारची अश्लेषा म्हणाली. ती नव्या सॉफ्टवेअर कंपनीत होती, एरवी खूप बोलायची. आता ती आपले तळहात साडीला पुसत होती.

भानुमतीकाकू त्या सगळ्यांत वडीलधाऱ्या. त्या गॅलरीच्या दाराकडे बघत होत्या. "लतिका, त्या कठड्याशी एक बाई उभी होती. पाठमोरी. काळी साडी... बोटाला पट्टी."

"कधी?"

"ते कळत नाही गं. पण मी तिला ढकललं. ह्या हातांनी."

"मीपण," अश्लेषा पुटपुटली. बाकीच्यांतली एकही नाही म्हणाली नाही.

लतिकाने बोटाकडे पाहिलं. पट्टी आज सकाळची होती, कुपी दिवाळीपासून कपाटात.

बायका वाण न घेताच निघाल्या. दारात काकूंनी तिचा हात धरला. "कुणाची आहे ती कुपी?"

"श्रीरंगची."

"मग स्वतःला जप."

बाहेर धुकं उतरलं. सातव्या मजल्यावरून खालचा रस्ता दिसेनासा झाला. लतिकाने गॅलरीचं दार लावून घेतलं आणि ती दिवा लावून बसून राहिली. ज्या माणसासाठी घरदार सोडून इतक्या लांब आलो, त्याच्या पावलांची तिला भीती वाटत होती.

श्रीरंग आला, बूट काढता काढता थबकला. त्याने हवेत हुंगलं. मग त्याची नजर तिच्या बोटावर गेली.

"हे कधी लागलं?"

"आज... सकाळी."

"अच्छा." त्याने बूट तसेच टाकले. "म्हणजे आजच."

मग मागे न बघता त्याने दाराला कडी घातली, वरची, खालची, दोन्ही. लतिका भिंतीला टेकली. तो हलक्या आवाजात काही सांगू लागला, पण तिला फक्त त्याचे हात दिसत होते.

तेवढ्यात बेल वाजली.

"लतिका..." बाहेरून काकूंचा आवाज. "वाण राहिलं गं आमचं."

लतिकाच्या जिवात जीव आला. श्रीरंगने दंड धरला तो झिडकारून तिने दोन्ही कड्या काढल्या.

दार उघडताच धुक्याचा गार झोत आत आला आणि तिचं नाक एकदम मोकळं झालं. दारात सगळ्याच बायका उभ्या होत्या; त्यांच्या हातांवरचा वास तिला पहिल्यांदा आला. ओलं सिमेंट, कापूर. आणि तिला आठवलं. काळ्या साडीतली पाठ, कठडा, त्या पाठीवर टेकलेले हात. मनगटांत हिरव्या बांगड्या होत्या. बोटांना हळद लागली होती.

"उघडू नकोस, हेच सांगत होतो," मागून श्रीरंग म्हणाला.

बायका एकेक करून आत आल्या. वाणाचे डबे टेबलावर रचलेले होते. त्यांच्याकडे कुणीच पाहिलं नाही. अश्लेषाने गॅलरीचं दार उघडलं.

"ये ना," काकू मायेने म्हणाल्या.