आतून लावलेली कडी

विश्वास ठेवा नाहीतर हसा. आमच्या घरात भूतखेत, अंगारेधुपारे कोणी मानत नाही. तरीही हे माझ्या सख्ख्या आत्याच्या बाबतीत घडलंय.

मार्च १९८४. वाशी. सिडकोच्या बैठ्या घरांची ओळ, आणि त्यात गिरजाआत्याची एक खोली.

आत्याचे यजमान तुळशीराम रबाळ्याला एका कंपनीत वॉचमन होते. पंधरा वर्षं रात्रपाळी, वर डबल ड्युटी. माणूस पार झिजला. शेवटच्या आजारात एकच म्हणायचे, "गिरजे, आता ड्युटी नको. झोपू दे मला."

आणि गेले.

मग आत्या कारखान्यात लागली. आठ तास उभ्याने खोकी भरायची. घरी येईतो पायांचे तुकडे पडायचे. शांतीचं, तिच्या मुलीचं, लग्न वैशाखात ठरलेलं. शांती गावी मामाकडे, आणि तिच्या पाटल्या तांदळाच्या डब्यात. आत्याची सगळी कमाई म्हणजे त्या दोन पाटल्या!

त्यातच ओळीत भरदिवसा घरफोड्या सुरू झाल्या. बाहेर कुलूप दिसलं, की घर साफ.

शेजारच्या दुर्गाबाई म्हणाल्या, "घरान बाप्या मानूस हाय असा वाटला पायजे गो."

आत्याने तसंच केलं. पुढचं दार आतून बंद. उंबऱ्याबाहेर यजमानांच्या जुन्या चपला. आत रेडिओ चालू. स्वतः मोरीकडच्या दाराने बाहेर पडायची, कुलपावर ओलं फडकं वाळत घालायची आणि गल्लीला ऐकू जाईल असं ओरडायची,

"अहो, येते मी! कडी घालून घ्या! लक्ष ठेवा!"

रोज. न चुकता.

पंधराएक दिवसांनी ती घरी आली, तर रेडिओ बंद...

सेल संपले असतील, म्हणून तिने बटण फिरवलं. रेडिओ ठणठणीत वाजला. यजमानांना मेला तो रेडिओ कधी सहनच व्हायचा नाही. रात्रपाळी करून दिवसा झोपायचे ना.

दुसऱ्या दिवशी चपला फिरलेल्या. टोकं रस्त्याकडे...

पोरांनी फिरवल्या असतील. विचार करायलाही अंगात त्राण नव्हतं. ती भात टाकून आडवी झाली.

मग तो शुक्रवार.

संध्याकाळी सहाला आत्या गल्लीत शिरली. फडकं मोरीच्या चिखलात पडलेलं. कुलूप तुटून बाजूला.

पाटल्या!

तिने दारावर अंग टाकलं.

दार हललंच नाही.

कडी... आतून होती.

दुर्गाबाई धावत आल्या. "तुझ्याकडं पावना आलाय ना गो? दुपारशी काठी आपटत होता. ठक... ठक... दोन मानसं बोंबलत पलाली इथशी!"

"कोण पाहुणा? घरात कोणी नाही."

दुर्गाबाई दोन पावलं मागे सरल्या. "थांब, देवजीला बोलावते," म्हणत त्या मुलाला आणायला पळाल्या.

आत्या एकटी उभी. पाय भरून आलेले, भीती वाटण्याइतकाही जीव उरला नव्हता. सवयीने तोंडातून निघून गेलं,

"अहो... मी आलेय. उघडा."

आत स्टूल सरकलं.

खट्.

दार उघडलं. आत कोणी नव्हतं. डबा जागच्या जागी, पाटल्या तांदळात. फक्त कोपऱ्यातलं स्टूल दाराला लागून ठेवलेलं, आणि त्याला टेकवून यजमानांची ड्युटीची काठी.

ती काठी आत्याने स्वतः माळ्यावर बांधून ठेवली होती...

आत्या उंबऱ्यातच बसली आणि ढसाढसा रडली. "झोपू दे म्हणत होतात हो. आणि मी मेली... तुम्हाला परत ड्युटीवर लावलं."

त्या रात्री तिने चपला आत घेतल्या. काठी पुन्हा माळ्यावर बांधली. सकाळी बाहेर पडताना आरोळी दिली नाही. नवं कुलूप लावलं, हळूच म्हणाली, "झोपा आता," आणि निघाली.

चार पावलं गेली असेल...

मागे, आतून, कडी लागली.

शांतीचं लग्न पाटल्यांसकट झालं. आत्या त्या खोलीत आणखी नऊ वर्षं राहिली. रोज "झोपा आता" म्हणायची. रोज कडी लागायची, आणि संध्याकाळी "मी आलेय" म्हटलं की निघायची.

आत्या आता नाही. खोली विकली गेली. पुढे तिथे कोण राहतं, मी विचारलेलं नाही.

पण घरातून निघताना रिकाम्या घराला मी काही सांगत नाही. बायको सवयीने "येते हं" म्हणाली, तरी माझे कान कडीकडे असतात.