एक क्षण आधीचा आवाज

रोइमाताची बस चुकली आणि तेवढ्यात दक्षिणेचा पाऊस आला — आडवा, बारीक, कानात शिरणारा. पोर्ट चाल्मर्सच्या त्या चढावर आडोसा म्हणून एकच जागा होती, जुन्या दगडी चर्चचा दरवाजा. ती तिथे अंग चोरून उभी राहिली. खाली बंदरात ओंडके चढवणाऱ्या क्रेन धुक्यात कमरेपर्यंत बुडाल्या होत्या.

आत कोणीतरी गात होतं. बाईचा आवाज होता. पण काहीतरी विचित्र होतं... प्रत्येक ओळ आधी कुजबुजल्यासारखी यायची, भिंतीपलीकडून यावी तशी. आणि क्षणभराने तीच ओळ मोठ्याने. जणू गाणारीच्या पुढे-पुढे दुसरीच कोणी चालली होती.

तिने दार ढकललं.

आत बाई नव्हती. ड्रमच्या मागे एक हडकुळा, लाल केसांचा तरुण बसला होता, हातात काठ्या नुसत्याच धरून. भिंतीजवळच्या मोठ्या यंत्रावर टेपची दोन चाकं फिरत होती.

"कोण गातंय?"

"माझी बहीण, आयल्सा."

"कुठे आहेत त्या?"

"गेल्या हिवाळ्यात गेली, जूनमध्ये. किलमॉगच्या चढावर बर्फ होता. गाडी घसरली."

"ओह... सॉरी."

"तुम्ही कशाला सॉरी? गाडी तुम्ही थोडीच चालवत होतात?" तो म्हणाला आणि स्वतःच ओशाळला. मग एकदम उभा राहिला. "एक विचारू? तुम्हाला... ते दोनदा ऐकू आलं?"

"हो. आधी हळू. मग मोठ्याने."

त्याचा चेहरा एकदम उजळला. रोइमाताला माहीत होतं, असं का होतं ते. डनेडिनमध्ये रेडिओच्या जुन्या टेपा दुरुस्त करणं हेच तिचं काम होतं. पण तो इतक्या आशेने बघत होता!

"मला वाटलं मला भास होतात," तो म्हणाला. "आमच्या बँडमधल्या डेन्झिलला काही ऐकू येत नाही. पण पंधरा वर्षं स्वतःच्याच बास गिटारसमोर उभं राहून त्याच्या कानात काय उरलंय म्हणा! मी फर्गस."

"रोइमाता."

तिने नाव तेवढं सांगितलं. बाकीचं खरं तिने गिळून टाकलं.

दुसऱ्या दिवशी ती बस न चुकताही तिथे उतरली.

फर्गस, आयल्सा आणि डेन्झिल यांच्या बँडने ते चर्च स्टुडिओ म्हणून घेतलं होतं; बँडचं नाव 'मटनबर्ड संडे'. हा त्यांचा चौथा आणि शेवटचा अल्बम. नऊ गाणी तयार होती, दहावं उरलं होतं. आयल्साने ते गाऊन ठेवलं होतं, आता फक्त त्यावर ड्रम वाजवायचे होते. फर्गस रोज काठ्या उचलायचा आणि खाली ठेवायचा.

"जमत नाही की वाजवायचं नाही?" एका दुपारी रोइमाताने विचारलं. दोघं पायरीवर बसून गरम चीज रोल खात होते. लोणी त्याच्या मनगटावरून ओघळत होतं.

"हे गाणं संपलं की ती संपली," तो म्हणाला. "आत्ता निदान ती रोज काहीतरी सांगायला येते. माझ्या आधी येऊन बसते. लहानपणापासून तसंच... प्रत्येक ठिकाणी माझ्या आधी हजर."

"भीती नाही वाटत?"

"घाबरतो ना. म्हणून तर तुम्हाला बोलावतो."

"म्हणजे मी भूत पळवणारी?"

"नाही. तुम्ही..." त्याचे कान लाल झाले. "तुझे डोळे मिटलेले असतात ऐकताना. बघायला बरं वाटतं."

'तुम्ही'चं 'तू' कधी झालं ते दोघांनाही कळलं, पण दोघांनीही कळल्याचं दाखवलं नाही. रोइमाताने हातातला उरलेला अर्धा रोल त्याला देऊन टाकला.

घरी जाताना मात्र बसच्या काचेत स्वतःकडे बघणं तिला जमेना. त्याच्या-तिच्यामध्ये जे उगवत होतं, ते एका न सांगितलेल्या गोष्टीवर उभं होतं. सांगितलं तर तो बहिणीला दुसऱ्यांदा गमावणार. आणि मग आपलं तोंड तरी पाहील का?

तिसऱ्या आठवड्यात डेन्झिलने तिला दारातच अडवलं. जाडजूड, दाढीवाला, बोलणं नेहमी ओरडल्यासारखं.

"काय गं टेपांच्या डॉक्टरीणबाई, पेशंट कसाय? टेप नव्हे, तो लाल डोक्याचा!"

"बरा आहे."

"बरा कसला! सोमवारी मी मेलबर्नला चाललो, कायमचा. तोवर गाणं झालं नाही तर आमचा अल्बम तिच्याबरोबरच पुरला म्हणायचा. तुझं ऐकतो तो. बोल काहीतरी!"

ती आत गेली. टेप चालूच होती. कुजबूज... आणि मग आवाज. कुजबूज... आणि मग आवाज. दुपारचे तीनच वाजले होते, पण रंगीत काचांतून येणारा उजेड पाण्याखालचा असावा तसा हिरवा होता.

"फर्गस, ते भूत नाहीये."

तो वळला.

"टेप गुंडाळून पडून राहिली की एका वेढ्यावरचा आवाज शेजारच्या वेढ्यावर उमटतो. ओल्या शाईची वही मिटली तर उमटतं ना, तसा. म्हणून टेप कधी सुरुवातीपर्यंत गुंडाळून ठेवत नाहीत. शेवट बाहेर ठेवायचा. मग उमटलेला आवाज नंतर येतो, गाण्यात झाकला जातो. पण कोणी उलटी गुंडाळून ठेवली तर..."

"तर आधी येतो." त्याचा आवाज अगदी सपाट होता. "कधीपासून माहीत होतं?"

"पहिल्या दिवसापासून."

"तीन आठवडे! मी वेड्यासारखा बोलत होतो, आणि तू डोळे मिटून..."

"ऐकत होते. खोटं नव्हते ऐकत."

"जा तू. बस चुकेल."

ती निघाली. दाराच्या कडीवर हात ठेवला, तेव्हा मागून चमत्कारिक आवाज आला. फर्गस हसत होता की रडत होता, कळायला मार्ग नव्हता.

"तिनेच गुंडाळली असणार," तो म्हणाला. "टेपांचं सगळं तीच बघायची, मी नुसता बडवायचो. शाळेत असताना व्हिडिओच्या दुकानात कामाला होती. कॅसेट सुरुवातीपर्यंत न फिरवता परत आणणारा माणूस माणूसच नव्हे, म्हणायची! घरी जाण्यापूर्वी रोज सगळ्या टेपा गुंडाळायची... सकाळी आपल्या माणसांना तयार मिळाव्यात म्हणून."

रोइमाता परत आली आणि त्याच्या शेजारी जमिनीवर बसली.

"तो आवाज... जातो का?"

"वेगाने मागे-पुढे फिरवली की बराच पुसट होतो. पण फर्गस, राहू दे. तुला हवा असेल तर—"

त्यानेच बटण दाबलं. चाकं घरघरली. एकदा मागे, एकदा पुढे. चार वेळा. मग तो ड्रमच्या मागे जाऊन बसला, आणि या वेळी काठ्या खाली ठेवल्या नाहीत.

त्याने वाजवायला सुरुवात केली. आयल्सा गाऊ लागली आणि खरंच, तिच्या आधी आता कोणी नव्हतं. पहिलं कडवं, दुसरं. फर्गसचे डोळे वाहत होते, पण ठेका चुकत नव्हता. शेवटच्या कडव्यापूर्वी गाणं थांबतं, चार ठोक्यांची शांतता आहे तिथे.

त्या शांततेत कोणीतरी बोललं. पुसट नव्हे, स्वच्छ. कानाशी, त्याच आवाजात.

"पुरे रे आता."

आणि मग आयल्सा गाऊ लागली, "भरती येते, वाळू जाते..."

फर्गसने शेवटपर्यंत वाजवलं. टेप संपली. मोकळं टोक चाकावर टपटपत राहिलं. ते बंद करायला कोणीच उठलं नाही.

"तू म्हणालीस, शेजारच्या वेढ्यावरचंच उमटतं," तो अगदी हळू म्हणाला.

"हो."

"पुढच्या वेढ्यावर तर भरती आहे. वाळू आहे. 'पुरे रे' कुठेच नाही."

"हो."

"ऐकलंस?"

नाही म्हटलं असतं तर सोपं होतं. तिच्या हातांवर काटा उभा राहिला होता. पण या खोलीत पुन्हा काही गिळायचं नाही, असं तिने ठरवलं होतं.

"ऐकलं."

"आणि हे का होतं, ते माहीत आहे?"

"ते मला माहीत नाही, फर्गस."

त्याने उठून टपटपणारं यंत्र बंद केलं. मग तिच्यासमोर येऊन उभा राहिला. काठ्या अजून हातातच होत्या, कुठे ठेवाव्यात ते सुचत नसल्यासारख्या.

"गाणं तर झालं," तो म्हणाला. "आता टेप नाही, भूत नाही... उद्या येशील? नुसतीच?"

रोइमाताने त्याच्या हातातून काठ्या काढून घेतल्या, आधी एक, मग दुसरी, आणि त्या रिकाम्या झालेल्या हातांत आपले हात ठेवले.