पुसलेले अंश

२००४च्या जानेवारीतली दुपार. उल्हासनगर कॅम्प दोनमधल्या भंगाराच्या गोदामात यशोधरा धापा टाकत शिरली, तेव्हा मुकेशच्या हातात हातोडा होता आणि हातोड्याखाली तिचा स्पेक्ट्रोमीटर!

"थांबा!"

"मॅडम, पितळ आहे. काच-लोखंड वेगळं केल्याशिवाय कोण घेणार?"

"प्रकाशाचे रंग मोजायचं यंत्र आहे ते. अंबरनाथच्या आमच्या कॉलेजनं जुन्या सामानात काढून टाकलं. माझ्या बाबांनी लॅबमध्ये तीस वर्षं सांभाळलं होतं..."

"रंग मोजतात?" त्यानं तिच्या जांभळ्या ओढणीकडे पाहिलं. "मग हा किती भरला?"

ती हसली नाही. म्हणजे, ओठांनी नाही. हिशेबच मांडायचा तर त्या दुपारी त्यानं तिच्याकडे सातदा पाहिलं, तिनं तीनदा. त्यातलं एकदा काट्यावरचं वजन बघायच्या निमित्तानं.

प्राचार्यांची अट होती— यंत्र मोजण्याच्या कामाचं असेल तरच परत घेऊ. पण त्याचा एक स्क्रू अडकला होता. "रविवारी या," मुकेश म्हणाला.

दोन रविवार गेले. स्क्रू एकच होता, पण चहा काही संपेना. प्रकाश कसा वाकतो ते ती सांगायची आणि तो "फिरसे सांगा ना" म्हणायचा— कळलेलं असूनही.

तिसऱ्या रविवारी त्यानं फडकं दूर केलं. यंत्र सोन्यासारखं झळकत होतं! शेजारच्या वर्कशॉपमध्ये, पॉलिशच्या चाकावर, त्यानं स्वतः दोन तास घासलं होतं. माणसाला वस्तू द्यायची ती नव्यासारखी करून, ही कॅम्पातली रीत.

यशोधरानं गोल तबकडीवरून बोट फिरवलं. गुळगुळीत. अंशांच्या केसाएवढ्या रेघा, ज्यांच्यावर मोजायचं त्याच, पार पुसून गेल्या होत्या.

"हातोडाच मारायचा होता मग! तेवढंच येतं तुम्हाला."

त्याचा चेहरा उतरला. "मला वाटलं... तुम्हाला आवडेल."

ती यंत्र उचलून निघून आली. बदलापूरच्या घरी पोचेपर्यंत राग ओसरला आणि उरलं ते भलतंच. इतके तास प्रकाशावर बोललो, त्या रेघांबद्दल मात्र एक शब्द नाही! त्याला हसवण्यातच गुंतलो होतो ना आपण...

तरी जायला तिला महिना लागला. मानीपणा, दुसरं काय.

मुकेशनं तिच्यासाठी एक जुना मायक्रोस्कोप बाजूला ठेवला होता, धुळीसकट. "हात नाही लावला, मॅडम."

"माझंच चुकलं, मुकेश. तुम्ही मला... मला तुम्ही फार..."

तो खाली बघत होता. "माझी सगाई झाली."

"कधी ठरली?"

"त्याच रविवारी. घरचे कधीपासून मागे लागले होते. त्या रात्री हो म्हटलं."