तिसरा उतारू

वहिनीला एक साप शोधायचा होता. आणि तो साप आहे असं छातीठोकपणे सांगणारा एकुलता एक माणूस, म्हणजे माझा दादा, आता या जगात नव्हता.

दादा दीपगृहांचे दिवे दुरुस्त करायचा. भर समुद्रात एक ओसाड कातळबेट आहे, तिथला जुना दिवा कायमचा उतरवायला त्याला एकदा पाठवलं होतं. परतल्यावर जेवताना तो सांगू लागला, "साप पाहिला! डोलकाठीएवढा लांब, आणि पळतो असा, की वाऱ्याला धाप लागावी! पालीच्या मागे या कातळावरून त्या कातळावर!" घरात हशा पिकला. दादाच्या तोंडी कोळंबीची मगर व्हायची, हे सगळ्यांना ठाऊक होतं.

हसली नाही ती फक्त वहिनी. ती वस्तुसंग्रहालयाच्या सर्पविभागात काम करते. तिनं त्याला शांतपणे विचारलं, "पळताना डोकं वर होतं की खाली?" दादा म्हणाला, "वर. मान उंचावून बघत बघत पळत होता." तेव्हापासून तो साप तिच्या मनात घर करून बसला. मान उंचावून, भर उन्हात, डोळ्यांनी हेरून शिकार करणारे हे साप आपल्या धामणीच्या गोतावळ्यातले. वाळवंटात आहेत, गवताळ माळांवर आहेत, दूरदूरच्या बेटांवर आहेत. विष जवळजवळ नाही. सगळी भिस्त पायांवर, म्हणजे नसलेल्या पायांवर!

पुढे एका सकाळी काम करता करता दादाचं हृदय थांबलं. वर्ष उलटल्यावर वहिनीनं बेटावर जायची परवानगी मागितली. संचालक म्हणाले, "बाई, त्या बेटावर आजवर कुणालाही साप दिसलेला नाही. तुमच्या यजमानांच्या गप्पा सर्वश्रुत आहेत. जायचं तर जा; पण येताना साप आणा, गप्पा नकोत."

"भावोजी, बेटावर चढायला वाट नाही, नुसता कडा आहे," वहिनी मला म्हणाली. "येता?"

उंच धुराड्यांची डागडुजी हा माझा धंदा. दोराला लोंबकळणं माझ्या अंगवळणी पडलेलं. पण साप म्हटलं की माझी पाचावर धारण बसते. तरी मी हो म्हणालो. वहिनीनं आजवर माझ्याकडे काही मागितलं नव्हतं.

आम्हाला नेणारा तांडेल बोलघेवडा होता. बेटाजवळ त्यानं होडीचं इंजिन मंद केलं आणि कड्याकडे बोट दाखवलं. "इथं होडी लावता येत नाही. लाट वर उचलेल तेव्हा उडी मारा. खाली नेईल तेव्हा मारलीत, तर मला तुमच्या घरी तोंड दाखवता येणार नाही! मी पलीकडच्या आडोशाला नांगर टाकतो. भोंगा वाजवला की समजा, हवा फिरली. मग असाल तसे निघा."

लाट आली. उचललं! मी उडी मारली. बूट शेवाळावरून सरकले, गुडघा फुटला, पण हाताला खाच लागली. दोर बांधला, वहिनीला वर घेतलं, मग पाण्याचे डबे, तंबू, आणि तांडेलाच्या गोदामातून भरलेलं शिध्याचं पोतं. कडा फार उंच नव्हता, पण ठिसूळ होता. हात टाकावा तो दगड हातात यावा! माथ्यावर पोहोचलो तेव्हा माझ्यासारख्या दोरावरच्या माणसाच्याही नाकी नऊ आले होते.

वर मात्र वेगळंच जग होतं. पायरीपायरीनं उतरत गेलेल्या सपाट शिळा, त्यांच्या फटींतून वाढलेली काटेरी झुडपं, पक्ष्यांच्या विष्ठेनं पांढरे झालेले उंचवटे, आणि मधोमध दिवा नसलेलं, गंजून तांबडं झालेलं दीपगृह. पाली तर किती! उन्हात पसरलेल्या, आमच्या सावलीलाही न घाबरणाऱ्या. समुद्रपक्षी अंड्यांवर बसलेले, आम्ही हातभरावर गेलो तरी जागचे हलले नाहीत. भीती म्हणजे काय, हे त्या बेटाला कुणी शिकवलेलंच नव्हतं. वहिनी बराच वेळ उभी राहून पाहत होती. "इथं असणार," ती पुटपुटली. "इथं नसेल तर कुठंच नसेल."

तो दिवस आम्ही शिळांच्या फटी धुंडाळल्या. काही नाही. संध्याकाळी उजेड असतानाच मी भातासाठी पोत्यात हात घातला आणि तांदूळ भुरूभुरू पायावर सांडले. पोत्याला खालच्या बाजूला भोक होतं, कडा कुरतडलेल्या. तांदळात काळ्या लेंड्या.

"उंदीर!" मी हसलो. "तांडेलाच्या गोदामातून फुकट प्रवास करून आला लेकाचा!"

वहिनीच्या तोंडचं पाणी पळालं होतं. "आत आहे?"

मी पोतं उलटं केलं. आत नव्हता. तांदळाची बारीक धार तंबूपासून झुडपांकडे गेली होती आणि तिथं संपली होती.

"भावोजी, आपण काय केलंय कळतंय का?" ती खाली बसली. "अशी कितीतरी बेटं होती जगात, जिथं हे साप राहायचे. मग जहाजं आली. जहाजांतून उंदीर उतरले. सापांची अंडी खाल्ली, पिल्लं खाल्ली, झोपलेल्या सापांच्या शेपट्या कुरतडल्या. एका बेटावरचे साप तर पार संपले असं सगळे धरून बसले होते. शेवटी जवळच्या एका इवल्याशा बेटावर मूठभर निघाले. का, तर तिथं उंदीर पोहोचला नव्हता. आणि इथं आपण तो पाठीवर वाहून आणला!"

"एकच तर आहे."

"मादी असली आणि पोटुशी असली तर?"

मी रिकामं पोतं बाजूला ठेवलं. मग मनातलं बोललोच. "वहिनी, साप आहे की नाही याचाच पत्ता नाही. हवा चांगली आहे तोवर साप शोधायचा, की उंदरामागे धावायचं?"

ती तांदूळ गोळा करत होती. हात न थांबवता म्हणाली, "साप नसला, तर आपण एक उंदीर मारला, एवढंच. पण असला तर?"

मीही तांदूळ वेचायला बसलो.

पहाटेपासून उंदराची शिकार सुरू झाली. ती शिकार कसली, आमचीच परीक्षा! डब्याचा सापळा केला, आत कणकेचा गोळा ठेवला. गोळा गेला, डबा रिकामा! तारेचे फास लावले. त्यांत एक पाल अडकली. वहिनीनं तिला हळुवार सोडवलं आणि फास काढूनच टाकले. दुपारी एका पक्ष्याचं अंडं फुटलेलं सापडलं, कवचावर दोन दातांच्या खुणा. वहिनीनं ते कवच माझ्यापुढे धरलं. मला मात्र तो उंदीर त्या क्षणी वाघाएवढा वाटला.

त्याहून जिवाला लागलं ते दुसरंच. ऊन चढलं, साप बाहेर पडायची वेळ झाली, आणि वहिनी जमिनीला नाक लावून लेंड्या शोधत होती. ज्या शिळा बघायला ती इतक्या लांब आली, त्यांच्याकडे मान वर करून पाहतही नव्हती. मी म्हटलं, "तासभर तरी सापाकडे बघा." ती म्हणाली, "तासाभरात उंदीर कुठं जाईल, सांगता येईल?"

अखेर दुसऱ्या दिवशी सकाळी धुळीत पावलांची बारीक रांग सापडली. ती कड्याच्या टोकाशी, दोन शिळांमधल्या एका बिळात गेली होती. बिळाच्या तोंडाशी कणकेचे कण!

"जुनं बीळ आहे," वहिनी निरखून म्हणाली. "याचं काम नाही हे."

"आयत्या बिळावर नागोबा ऐकलं होतं," मी म्हणालो. "इथं आयत्या बिळात उंदीर!"

दोन दिवसांत ती पहिल्यांदा हसली. पण मी कड्यावरून वाकून पाहिलं आणि माझं हसू मावळलं. त्याच भेगेचं दुसरं तोंड खाली, कड्याच्या ऐन मध्यावर उघडत होतं. खालून कुणी हुसकलं, तरच उंदीर वर येणार. म्हणजे दोरावरून उतरायला हवं.

आणि तेवढ्यात भोंगा वाजला! लांबलचक, घोगरा. क्षितिजावर शाईसारखी एक रेघ उभी राहिली होती. वारा फिरला होता.

"निघायला हवं!" मी ओरडलो.

"हो," वहिनी म्हणाली. तिनं रिकाम्या पोत्याचं तोंड बिळावर ताणून धरलं, गुडघ्यांनी कडा दाबल्या. "उंदीर मिळाला की निघू. उतरा तुम्ही."

मी उतरलो. वाऱ्यानं दोर हेलकावू लागला. खांदा कातळावर आपटला. पायाखाली लाटा फुटत होत्या, तुषार तोंडापर्यंत येत होते. भेगेपाशी पोहोचलो, सुक्या काटक्यांची जुडी आत कोंबली, ओल्या फडक्याचा आडोसा केला. काडी विझली. दुसरी विझली. तिसरी पेटली! काटक्यांनी धूर धरला आणि भेगेनं तो आत ओढून घेतला. आत काहीतरी खरवडलं. चीं चीं! आवाज वर वर गेला.

"आला, वहिनी! धरा!"

वरून उत्तर नाही.

"मिळाला का?"

उत्तर नाही. पुन्हा भोंगा वाजला, या वेळी तुटक तुटक, घाबरल्यासारखा. मी जीव मुठीत धरून वर चढलो. दोन खाचा निसटल्या, बोटं सोलली. माथ्यावर डोकं काढलं आणि तसाच थांबलो.

वहिनी गुडघ्यांवर बसली होती. दोन्ही मुठींत पोत्याचं तोंड आवळलेलं, आत उंदराची धडपड चाललेली. ती मात्र पोत्याकडे बघत नव्हती. डावीकडच्या रिकाम्या शिळेकडे बघत होती, आणि तिच्या डोळ्यांतून घळाघळा पाणी वाहत होतं.

"चावला का?"

तिनं नाही म्हणून मान हलवली. "शेजारच्या फटीतून साप बाहेर आला. धुरामुळे असेल. मान वर करून थांबला. मग माझ्या गुडघ्यावरून गेला, भावोजी. गुडघ्यावरून! नुसता हात उचलला असता तरी..."

"मग?"

"दोन्ही हातांत हा होता ना!" तिनं पोतं हलवलं. "एक मूठ सोडली असती, तर हा निसटला असता."

मी शिळेकडे पाहिलं. कोरडा, तापलेला कातळ. त्यावर कसलीही खूण नव्हती. मला काहीच दिसलं नव्हतं. पण कुणाच्या सांगण्यावर विश्वास ठेवायला वहिनीच्या त्या डोळ्यांहून मोठा पुरावा कुठला असतो, ते मला ठाऊक नाही.

उंदराचा शेवट वहिनीनं दगडाच्या एका घावात केला. मग तिनं चाकूनं त्याचं पोट उघडलं आणि मला दाखवलं. आत शेंगदाण्यांसारखी, गुलाबी, मिटलेली पिल्लं होती. एका रांगेत.

त्यानंतर मात्र एक क्षणही दवडला नाही. तंबू तिथंच टाकला. कडा उतरल्यावर दोरही तसेच लोंबकळत सोडले. मेलेला उंदीर डब्यात बंद करून वहिनीनं पाठीला बांधला. बेटावर त्याचा केससुद्धा ठेवायचा नाही, म्हणाली. खाली समुद्राचं रूपच पालटलं होतं. होडी नारळाच्या करवंटीसारखी उडत होती. तांडेलानं दोर फेकला. हुकला! पुन्हा फेकला. वहिनीनं कमरेला बांधला आणि लाट वर येताच उडी मारली. पोहोचली! मी उडी मारली ती लाट उतरताना. थंडगार पाणी. काळोख. नाकातोंडात खारट आग. कशावर तरी बरगडी आपटली. मग दोन हातांनी माझी मानगूट धरली आणि मी होडीच्या तळाशी माशासारखा पडलो.

"वर उचलेल तेव्हा म्हणालो होतो ना!" तांडेल ओरडत होता आणि रडतही होता. बंदरात शिरेपर्यंत तो आमच्याशी धड बोलला नाही. मग वहिनीनं त्याला डबा उघडून दाखवला. "माझ्याच गोदामातला," एवढंच म्हणाला. दुसऱ्या दिवशी त्याच्या गोदामातली सगळी पोती अंगणात येऊन पडली होती.

आठवडाभरानं वहिनी संचालकांपुढे उभी राहिली. बरगडीला पट्टा बांधून मीही सोबत होतो.

"काय मिळालं?" त्यांनी विचारलं.

"उंदीर," वहिनी म्हणाली.

ते पोट धरून हसले. "म्हणजे अक्षरशः डोंगर पोखरून उंदीर काढलात की हो!"

"हो," वहिनी म्हणाली. "अगदी तसंच झालं."

बाहेर आल्यावर मला राहवेना. "सांगितलं का नाहीत? दादाला सगळे गप्पिष्ट म्हणतात. निदान आता तरी..."

ती जिन्यात थांबली. "मी सांगितलं की काय होईल? पुढच्या महिन्यात तीन होड्या निघतील. प्रत्येक होडीत पोती असतील, खोकी असतील. प्रत्येक पोतं कोण झटकणार?"

"आणि दादा?"

"त्यांना सांगायला आवडायचं," ती हळूच म्हणाली. "लोकांनी खरं मानलंच पाहिजे, असा हट्ट त्यांनी कधी धरला नाही. तो माझा हट्ट होता."

घरी आई वाट बघत होती. दादा गेल्यापासून ती त्याच्याविषयी फारसं बोलत नसे. तिनं आम्हाला पाणी दिलं, माझा पट्टा चाचपून पाहिला, मग वहिनीजवळ बसली.

"होता का गं खरंच?"

वहिनीनं माझ्याकडे पाहिलं, मग तिच्याकडे. "होता, आई. पण ही गोष्ट या घराबाहेर जायची नाही."

आईनं मान डोलावली. पदराच्या टोकाशी तिची बोटं उगाच चाळा करत राहिली. बाहेर रस्त्यावरून कुणीतरी सायकलची घंटी वाजवत गेलं.

"कसा दिसतो?" तिनं विचारलं.

वहिनी तिच्याजवळ सरकली आणि सांगू लागली.